हेलेन नावाची भट्टी

सूप संपेपर्यंत भट्टीचा विषय काढायचा नाही, असा फिन आत्यांचा दंडक होता. ओक्ताव्हने तो तिसऱ्या चमच्यालाच मोडला.

"उद्या अकरा वाजता," तो म्हणाला. "पाद्री पावणेअकराला येतील, भट्टीत पैसा घालणारी लिएजची मंडळी त्याच्या आधी. खाणवाल्यांच्या संत बार्बराचा सण, खाणी बंद, म्हणजे झाडून सगळी माणसं येणार. पेटवणार कोण, तेवढं आत्ता ठरू दे. तिथे उभं राहून एकमेकांची तोंडं बघायला नकोत."

"तुझं ठरलेलंच दिसतंय," आत्या म्हणाल्या. "मग आम्हाला कशाला विचारतोस? शेंगांचं सूप निवतंय, ते खा."

हेलेन टेबलाच्या स्वयंपाकघराकडच्या टोकाला बसली होती. आई गेल्यापासून ती जागा तिची. समोरच्या टोकाला पापा. दोमिनिक एर्पेल्डिंग, मूलबाखच्या लोखंडाच्या कारखान्याचे मालक, वीस वर्षं सभागृहात उदारमतवाद्यांचा आवाज. गेल्या ईस्टरला अर्धांगाचा झटका आला आणि तो आवाजच गेला. उजवा हात टेबलावर पडून असायचा आणि शब्द जिभेवर यायला इतका वेळ लागायचा, की समोरचा माणूस भिडेने तो शब्द स्वतःच म्हणून टाकायचा. मग पापा चिडायचे. डाव्या हाताने ते सूप पीत होते आणि निम्मे गळपट्ट्यावर सांडत होते. ते कोणी पाहिले नाही, असे सगळ्यांनी ठरवले होते.

मूलबाखची रीत जुनी होती. नवी भट्टी घरच्या बाईने पेटवायची, आणि जिने पेटवली तिचे नाव भट्टीला. एकदा नाव पडले की ते मरेपर्यंत. कामगार मग 'आज मार्गरेट रुसली', 'मार्गरेटला जास्त कोळसा लागतो' असे खुशाल बोलायचे, मग त्या नावाची बाई शेजारून जात असली तरी. मार्गरेट आईच्या हातची. म्हातारी झाल्यावर तिला रीतसर विझवली, पाद्रीबाबांनी प्रार्थना म्हटली, सगळ्यांना मोझेलची दारू मिळाली. दुसरी हेलेन. ती हेलेनने सतराव्या वर्षी पेटवली आणि सात वर्षं ती अहोरात्र जळली. तिला कोणी विझवले नाही. ती थिजली. विझणे आणि थिजणे यांत लोखंडवाल्यांच्या लेखी जमीन-अस्मानाचा फरक. विझलेली भट्टी म्हणजे आयुष्य पुरे झालेले माणूस. थिजलेल्या भट्टीचे नाव जेवताना कोणी काढत नाही. पोटातले लोखंड, दगड, मळी सगळे एकजीव होऊन गाईएवढा गोळा झाला. भट्टी फोडून, चौदा घोडे लावून तो बाहेर ओढला. ना तो फुटला, ना वितळला. अजून आवारात पडून आहे. कामगार त्याला डुकरीण म्हणतात, आणि दुपारी तिच्या पाठीवर बसून भाकरी खातात.

"मला वाटतं, क्लोटिल्डने पेटवावी," ओक्ताव्ह म्हणाला. "लिएजवाल्यांचा मान राहील, तिचं माहेर तिकडचं. आणि लोकांचंही तेच म्हणणं आहे."

"लोकांचं काय म्हणणं?" हेलेनने विचारले.

ओक्ताव्हने पावाचा तुकडा मोडला. "तू मनाला लावून घेऊ नकोस, ताई."

"नाही घेत. सांग."

"म्हणतात, हेलेन हे नाव भट्टीला लाभत नाही."

"खरंच म्हणतात," हेलेन म्हणाली. तिला वाईट वाटायला हवे होते, पण सुटल्यासारखेच वाटले. त्रेचाळीस वर्षांची झाली होती ती. आवाराचे फाटक ओलांडून कारखान्यात पाऊल टाकल्याला एकोणीस वर्षे झाली होती. तिने घर सांभाळले, पापांची भाषणे सुवाच्य अक्षरात उतरवली, भावाची लेकरे वाढवली. भट्टीशी तिचा संबंध एवढाच, की धूर कोणीकडे वळतो ते बघून ती वाळत घातलेली धुणी काढायला सांगायची.

"मला कोणी विचारलं का?" क्लोटिल्ड म्हणाली. ओक्ताव्हची बायको तोंडाची फटकळ, पण मनात काही ठेवायची नाही. "राखाडी रेशमाचा झगा शिवून आला, तेव्हा मला कळलं की मी भट्टी पेटवतेय. आणि नाव क्लोटिल्ड? उद्या सगळे म्हणणार, क्लोटिल्ड फार खाते, क्लोटिल्डच्या पोटात काय भरलंय ते काढा."

आत्यांना हसू आवरेना. मार्टिन, जेवण वाढणारा म्हातारा नोकर, तोंड फिरवून भिंतीकडे बघू लागला.

"हेलेन," पापा म्हणाले.

नुसते नाव. जड जिभेने, पण स्पष्ट. सगळे थांबले.

"पापा, हाक मारताय की ठरवताय?" ओक्ताव्हने विचारले.

पापांनी चमचा खाली ठेवला. "हेलेन... पेटवेल."

ओक्ताव्ह लालबुंद झाला. हेलेनने हातरुमालाची घडी घातली, उलगडली, पुन्हा घातली. पापा आपल्याकडे काही मागतील या क्षणाची तिने किती वाट पाहिली होती, हे त्या टेबलावर कोणाला ठाऊक नव्हते. आणि आता तो आला तर तिच्या तोंडून जे निघाले ते तिलाही नवे होते.

"पेटवते," ती म्हणाली. "पण आधी तुम्ही लोकांसमोर सांगायचं, पापा. जुनी भट्टी लांबेरने थिजवली नाही म्हणून."

मार्टिनने कंदमुळांचे ताट होते तसे परत आत नेले.

लांबेर थिलचे नाव या खोलीत एकोणीस वर्षांत कोणी उच्चारले नव्हते. अठ्ठेचाळीस साली तो भट्टीचा मुकादम होता. एकतीस वर्षांचा, भुवया कायमच्या जळलेल्या, मालकाच्या मुलीशी बोलताना टोपी काढून हातात फिरवत राहणारा. त्या उन्हाळ्यात राजधानीत राज्यघटनेवर चर्चा चालली होती आणि दोमिनिक एर्पेल्डिंग बोलणार होते. आपल्या कामगारांनी ते ऐकायला हवे, असे त्यांच्या मनाने घेतले. ज्यांच्यासाठी कायदा करायचा ती माणसे सज्जात नकोत का? चालत जायला दिवस मोडतो. मग जंगलातून लोणारी कोळसा आणणाऱ्या बाराच्या बारा गाड्या धुतल्या, वर गवत अंथरले, आणि माणसे भरून त्या शहराला गेल्या. कोळसा उद्या येईल.

लांबेरने चिठ्ठी पाठवली होती. कोळसा संध्याकाळपर्यंतच पुरेल, निदान चार गाड्या ठेवा. भट्टी निजवून, मंद आचेवर ठेवायची तर दोन दिवस आधी सांगायला हवे होते. चिठ्ठी हेलेननेच आणली. पापा आरशासमोर भाषण घोकत होते. मान न वळवता म्हणाले, सांग त्याला, एक दिवस उपास घडला म्हणून भट्टी मरत नाही.

भाषण गाजले. इतके गाजले, की गाड्या त्या दिवशी परत आल्याच नाहीत, दुसऱ्या दिवशीही नाहीत. लोकांनी मालकांना खांद्यावर घेऊन शहरभर मिरवले. इकडे लांबेरने लोहारांच्या दुकानांतून पोत्यांनी कोळसा आणला, कुंपणाचे खांब जाळले, दोन रात्री डोळ्याला डोळा लावला नाही. तिसऱ्या सकाळी भट्टीच्या पोटातून लोखंड उतरेना. गाड्या परत आल्या तेव्हा सगळे संपले होते. 'मुकादमाची हयगय' असे कागदावर लिहिले गेले. लांबेरने सही केली आणि आठवड्याभरात तो अमेरिकेला निघून गेला.

"ताई, तू शुद्धीवर आहेस का?" ओक्ताव्ह म्हणाला. "वसंतात निवडणूक आहे. पापांच्या जागेवर मी उभा आहे. लोक मत मला देत नाहीत गं, त्या भाषणाला देतात. शाळेत मुलं ते पाठ म्हणतात. आता प्रशियाचे शिपाई राजधानीचा किल्ला सोडून गेले, आता कुठे आपली माणसं मान वर करून चालताहेत, आणि तू म्हणतेस, ते भाषण एका माणसाला देशोधडीला लावून केलं असं सांगा?"

"हो. तसंच झालं ना?"

"फिन आत्या, तुम्ही तरी सांगा हिला!"

एरवी आत्या हेलेनच्या बाजूने. आता नव्हत्या. "ओक्ताव्ह बरोबर बोलतोय," त्या म्हणाल्या. "घरातलं घरात. माझा भाऊ आजारी आहे, हेलेन. धड बोलता येत नाही त्याला. चारशे माणसांसमोर त्याची फजिती करायची आहे का तुला?"

"तो लांबेर आता असेलही की नाही, देव जाणे," ओक्ताव्ह पुटपुटला.

"म्हणून तर," हेलेन म्हणाली. तिचा आवाज चिरकला आणि तिला स्वतःची लाज वाटली.

मग क्लोटिल्ड बोलली. ओक्ताव्हने तिच्याकडे आधाराच्या आशेने पाहिले होते, तिकडे तिने ढुंकूनही पाहिले नाही. "या घरात आले तेव्हापासून बघतेय. माडीवरच्या त्या दुसऱ्या खिडकीला ताई पडदा म्हणून लावू देत नाहीत. उन्हाने गालिचा विटला, हिवाळ्यात खोलीचं बर्फघर होतं. मी समजत होते, विक्षिप्तपणा आहे. त्या खिडकीतून लाँगवीचा रस्ता दिसतो, होय ना ताई? अमेरिकेला जाणारे त्याच रस्त्याने जातात."

क्लोटिल्डने नवऱ्याकडे वळून सांगितले, "मी पेटवणार नाही. झगा भाचीच्या लग्नात घालीन."

पापा उठले. काठी टेकत, पाय ओढत ते दाराकडे गेले. प्लमचा टार्ट त्यांच्या आवडीचा. तो न खाता ते बाहेर पडले.

*

ते डुकरिणीवर बसले होते. डिसेंबरची थंडी, चार वाजायला आलेले, ऊन नावापुरते. हेलेन त्यांची शाल घेऊन फाटकापाशी थांबली. पुढे पाऊल टाकायला तिला जरा वेळ लागला. मग ती आत गेली. एकोणीस वर्षांनी आवार तिला लहान वाटले. समोर नवी भट्टी उभी होती, जुनीच्या दुप्पट उंच, अजून थंड आणि कोरी.

तिने शाल पापांच्या खांद्यावर टाकली. "थंड आहे हो हे. उठा."

"बस," पापा म्हणाले.

ती त्यांच्याशेजारी बसली. लोखंड खरबरीत होते. मध्येच काचेसारखी चकचकीत मळी, मध्ये न जळालेला कोळसा अडकलेला, अजून काळा. ही माझ्या नावाची, हेलेनला वाटले. ही मीच.

"उपास," पापा म्हणाले.

"काय?"

"एक दिवस... उपास घडला म्हणून..." त्यांना पुढचे जमेना. एरवी कोणीतरी वाक्य पुरे करून दिले असते. हेलेनने नाही केले. ती थांबली. पापांनी घोटभर हवा घेतली. "मी म्हणालो. विसरलो... वाटतं तुला?"

"मला वाटायचं, विसरला असाल. बरं वाटायचं तसं समजायला."

"सांगणार होतो. परत आल्यावर." ते थांबत थांबत बोलत होते, एकेक शब्द वजन उचलल्यासारखा. "पण लोकांनी... खांद्यावर घेतलं. खांद्यावरून खाली... कसं उतरायचं... जमलं नाही. मग उद्या. मग परवा. मग ओक्ताव्ह शाळेतून आला... भाषण पाठ करून."

"सभागृहात वीस वर्षं तुम्ही कोणाकोणाच्या बाजूने भांडलात. विणकरांच्या, खाणवाल्यांच्या, त्या पोलिश पळून आलेल्या माणसाच्या. मी सगळी भाषणं उतरवलीत, पापा. प्रत्येक वेळी वाटायचं, पुढच्या पानावर लांबेरचं नाव येईल."

"दुसऱ्यांसाठी," पापा म्हणाले, "सोपं असतं."

दूर कोणीतरी नव्या भट्टीच्या तोंडाशी लाकडाचे ढलपे रचत होते. त्यांचा खडखडाट ऐकू येत होता.

"पत्र... येतं त्याचं?"

"नाही."

"तू?"

"काय लिहू? मी पहिल्या गाडीत होते." हे तिने कोणालाच कधी सांगितले नव्हते, सांगायची गरजही नव्हती, सगळ्यांनी पाहिलेच होते, पण तोंडाने म्हटल्यावर ते पहिल्यांदा खरे झाले. "तुमचा निरोप मी त्याला दिला, तुमच्यापेक्षा ऐटीत. तो म्हणाला, मामझेल, तुम्ही सांगितलंत तर ते चार गाड्या ठेवतील. मी म्हटलं, एवढं काय होतंय, चालवून घ्या. मला भाषण ऐकायचं होतं. नवी टोपी घालायची होती."

"पिवळी," पापा म्हणाले.

हेलेनने चमकून पाहिले.

"पिवळी फीत. वर सज्जात. गर्दीत... तेवढीच दिसत होती." त्यांचा चांगला डोळा पाणावला, दुसरा तर आता कायम पाणावलेलाच असायचा. "तिच्याकडे बघून बोललो मी. सगळं भाषण."

एवढी वर्षे हेलेन त्या भाषणाचा राग करत होती. आता कळले, की ते तिच्यासाठीच केलेले होते. आयुष्यात तिला असे काही पुन्हा कोणी दिले नव्हते, आणि नेमके तेच दुसऱ्याच्या जिवावर दिलेले. तिने पापांचा निर्जीव हात आपल्या दोन्ही हातांत घेतला आणि चोळत राहिली. तो गरम झाला की नाही, हे पापांना कळण्याची सोय नव्हती.

"उद्या," पापा म्हणाले.

"उद्या काय?"

पापा काठी शोधू लागले.

*

दुसऱ्या दिवशी साडेदहालाच आवार भरले. खाणवाले सणाच्या काळ्या कोटात आले होते, बायका पोरांना कडेवर घेऊन. बँडवाल्यांची बोटे गारठून सूर भलतीकडे जात होते. लिएजचे तिघे पाहुणे फरच्या कोटात पुढे उभे. पाद्रीबाबांनी भट्टीभोवती फिरून पवित्र पाणी शिंपडले, त्याचा भट्टीच्या पायथ्याशी लगेच बर्फ झाला.

ओक्ताव्हने सकाळी बायकोशी पुन्हा एकदा बोलून पाहिले असावे, कारण क्लोटिल्ड राखाडी झग्यातच आली होती. मुकादमाने पलिता पेटवून तिच्या हातात दिला. ती दोन पावले भट्टीकडे गेली. मग वळली, सरळ बायकांच्या घोळक्यात हेलेनपाशी आली आणि पलिता तिच्या हातात देऊन म्हणाली, "धरा. माझा झगा जळेल."

गर्दीत कुजबुज उठली. मागून कोणीतरी म्हणालेच, "नको रे बाबा, ते नाव नको."

हेलेन पलिता धरून उभी राहिली. राळ तडतडत होती. ती पापांकडे बघत होती, आणि पापा खुर्चीतून उठत होते. ओक्ताव्ह त्यांना सावरायला पुढे झाला; त्यांनी काठीने त्याला बाजूला सारले.

"पापा," ओक्ताव्ह हलक्या आवाजात म्हणाला, "मी हात जोडतो."

दोमिनिक एर्पेल्डिंग बोलणार म्हटल्यावर चारशे माणसे गप्प झाली. इथल्या निम्म्यांनी त्यांना भर जोसात ऐकलेले होते. आता ते ओठ हलवत होते आणि काहीच येत नव्हते. बँडमधला एकजण खोकला. फिन आत्यांनी डोळे मिटून घेतले.

"गाड्या," पापा म्हणाले.

पुन्हा थांबले. हेलेनला वाटले, पुरे, एवढे पुरे, बसा आता. पण तिने तोंड उघडले नाही.

"गाड्या मी नेल्या. लांबेर थिलने... चार मागितल्या. एकही... ठेवली नाही. भट्टी..." त्यांनी काठी डुकरिणीच्या दिशेने उचलली, तोल गेला, पुन्हा टेकली. "ती... मी थिजवली. त्याने नाही."

मागच्यांना ऐकू गेले नव्हते. "काय म्हणाले? काय म्हणाले?" पुढच्यांनी मागच्यांना सांगितले, त्यांनी आणखी मागे. वाक्य तोंडातोंडी फाटकापर्यंत गेले. लिएजचे पाहुणे हसू चेहऱ्यावर तसेच ठेवून उभे होते; त्यांना इथली बोली कळत नव्हती. ओक्ताव्ह जमिनीकडे बघत होता.

मग पुढच्या रांगेतला एक म्हातारा टोपी काढून समोर आला. हारी, जुना गाडीवान. पाठीत पार वाकलेला.

"ठाऊक आहे, मालक," तो म्हणाला. "गाड्या आम्हीच हाकल्या होत्या."

दोन-चार म्हाताऱ्यांनी माना हलवल्या. पापा त्यांच्याकडे एकेक करून बघत राहिले. एकोणीस वर्षे उराशी धरलेले गुपित हे गुपित कधीच नव्हते. मग ते खुर्चीत बसले.

हेलेनच्या हातात पलिता तसाच होता. आता गप्प राहिले तर पापांनी एकट्यानेच सांगितल्यासारखे होईल. "निरोप मी नेला होता," ती म्हणाली. सभेत बोलायची सवय नसलेला आवाज, पण थंडीत तो दूरवर गेला. "त्याने मला रदबदली करायला सांगितलं, मी केली नाही. आणि त्याच्यावर आळ आला तेव्हाही बोलले नाही. मी पहिल्या गाडीत होते."

"तेही ठाऊक आहे, मामझेल," हारी म्हणाला. "ती गाडी माझीच."

कोणीतरी हसले. चिडवून नव्हे, असे हसू, की त्याने आवारातली हवा जरा सैल झाली.

"मग बोलला का नाहीत कोणी? इतकी वर्षं?"

"लांबेरने शब्द घेतला होता ना आमच्याकडून. म्हणाला, मालकांनी आपल्यासाठी कायदा आणलाय. एका भट्टीपायी त्यांना खाली ओढू नका. मी सडाफटिंग, कुठेही जाऊन लोखंड गाळीन." हारीने टोपी पुन्हा डोक्यावर घातली. "आता पेटवा. आणि नाव तुमचंच राहू द्या. पहिल्या हेलेनचा काय गुन्हा होता? तिला खायला घातलं नाही आपण."

"हेलेन!" म्हाताऱ्यांपैकी कोणीतरी ओरडले. मग आणखी काही. मघाशी 'नको' म्हणणाराही असावा त्यांत.

हेलेन वाकली आणि पलिता भट्टीच्या तोंडात खुपसला. ढलप्यांनी आधी धूर दिला, मग आतून एक हलका हुंकार आला आणि लाकडाने पेट घेतला. सतराव्या वर्षी तिने हा आवाज ऐकला होता, तेव्हा शेजारी टोपी हातात फिरवणारा माणूस उभा होता आणि म्हणाला होता, मामझेल, आता ही आपली ओळख ठेवील. तिने बाजूला पाहिले. तिथे नवा मुकादम होता, लिएजहून आणलेला, हातात घड्याळ घेऊन.

बँड सुरू झाला. लोक दारूच्या पिंपांकडे वळले. क्लोटिल्ड पापांना सूपचा कटोरा भरवत होती. ओक्ताव्ह पाहुण्यांना फ्रेंचमध्ये काहीतरी समजावत होता आणि मध्येच थांबून, बहिणीकडे न बघता, वडिलांची शाल नीट करत होता.

हेलेन हारीच्या शेजारी डुकरिणीवर जाऊन बसली. तो दारूचा पेला हातात घेऊन नव्या भट्टीचा धूर बघत होता. पहिले लोखंड उतरायला दोन दिवस तरी लागणार होते.

"हारी, त्याला कोणी पोचवलं? जाताना?"

"मीच की. लाँगवीच्या रस्त्याला घातलं, तिथून त्याने पुढची गाडी धरली. ट्रंक एकच होती."

"काही म्हणाला?"

"नाही हो. तो मुळात बोलतो किती?" हारीने एक घोट घेतला. मग म्हणाला, "वळणावर तेवढी गाडी थांबवायला लावली. तुमचं घर तिथून पुरतं दिसतं. पण मागे बघेना. मान खाली घालून बसून राहिला. मला म्हणाला, हारी, तू बघ. माडीवर दुसऱ्या खिडकीत कोणी आहे का."

"मग?"

"बघितलं मी. पडदा लावलेला होता. म्हटलं, कोणी नाही रे. तेव्हा म्हणाला, बरं, हाक गाडी."

बँडने सूर धरला होता. फाटकापाशी पोरे नाचत होती. हेलेनने खाली हात नेला आणि लोखंडात अडकलेल्या त्या जुन्या काळ्या कोळशावर अंगठा ठेवला.

"होते," ती म्हणाली. "पडद्यामागे उभी होते, हारी. पूर्ण वेळ."